विटांच्या भिंतीला स्टेन करायचाय? बडोद्यात सगळे मला विचारतात ते प्रश्न

कारेलीबागेतलं आमचं घर १९७४ चं, सासऱ्यांनी बांधलेलं, बाहेरून प्लास्टर नाही, नुसती उघडी वीट. पन्नास वर्षांत ती वीट काळवंडली, त्यात मुलासाठी गच्चीवर खोली चढवली तिच्या विटा एकदम शेंदरी, लांबून घराला टोपी घातल्यासारखं दिसायचं. शेवटी दोन हिवाळ्यांपूर्वी पूर्ण घर स्टेन करून घेतलं. तेव्हापासून फाटकाशी थांबून विचारणारे, गणपतीला आल्यावर आरती सोडून भिंतीवरून हात फिरवणारे आणि रात्री अकराला फोटो पाठवून "काकू हे काय झालंय बघा ना" म्हणणारे इतके झाले की म्हटलं एकदाच लिहून टाकते. शिकले मी बी.कॉम., पण दोन वर्षं याच एका गोष्टीच्या मागे होते आणि चुका सगळ्या स्वतःच्याच भिंतीवर करून झाल्यात.

स्टेन म्हणजे रंगच ना शेवटी? वेगळं काय त्यात?

नेलपॉलिश आणि मेंदीत जो फरक तोच. नेलपॉलिश नखावर बसतं, टवका निघाला की निघाला. मेंदी कातडीत उतरते, तिचा टवका निघत नाही. पेंट विटेवर पापुद्रा धरतो, स्टेन विटेच्या भोकांत शिरतो आणि वीट विटेसारखीच दिसते, खरखरीत, तिच्यावरचे भाजल्याचे डाग, बोटांचे ठसे सगळं तसंच.

चांगल्या स्टेनमध्ये दोनच महत्त्वाच्या गोष्टी असतात. एक, रंग देणारी खनिजं, बहुतेक लोखंडाचे ऑक्साईड, लाल, पिवळं, काळं. विटेचा स्वतःचा लाल रंगही लोखंडाच्या ऑक्साईडचाच असतो म्हणून हे रंग विटेवर परके वाटत नाहीत आणि उन्हाने उडतही नाहीत. दुसरी गोष्ट, हा रंग धरून ठेवणारा द्रव. मिनरल स्टेनमध्ये तो पोटॅशियम सिलिकेट असतो. बव्हेरियात आडोल्फ विल्हेल्म काइम नावाच्या माणसाने १८७८ साली या सिलिकेट रंगांचं पेटंट घेतलं, म्हणजे आपल्या बडोदा कॉलेजची, आताच्या आर्ट्स फॅकल्टीची, ती घुमटवाली इमारत उभी राहायच्याही आधी. हे सिलिकेट भिंतीतल्या खनिजांशी रासायनिक जोड करतं आणि त्याचा दगडच होतो. नुसतं वाळून चिकटत नाही.

बाजारात अॅक्रिलिकवाला स्टेनही मिळतो, पातळ केलेला. तो वाईट असतो असं नाही, लावायला सोपा पण आहे, पण उन्हात पडणाऱ्या भिंतीला मी सिलिकेटवालाच सांगेन.

मग गेरूच लावला तर? तोही लोखंडाचाच ना?

हा प्रश्न मला सगळ्यात आवडतो कारण तो विचारणाऱ्याच्या डोक्यात बरोबर ट्यूब पेटलेली असते. हो, गेरू म्हणजे लोखंडाच्या ऑक्साईडचीच माती. आपल्याकडे जुनी माणसं हिरमुजी म्हणायची ती पण तीच जात, हे नाव इराणच्या आखातातल्या होर्मुझ बेटावरून आलंय, तिथली लाल माती जहाजांनी यायची. म्हणजे महागड्या डब्यातला रंग आणि तुळशी वृंदावनाचा रंग चुलत भाऊच.

पण रंग धरणार कोण? गेरू पाण्यात कालवून लावला तर पहिल्या पावसात फरशीवर लाल ओघळ. वृंदावनाला, कुंड्यांना ते चालतं कारण दर दिवाळीला आपण परत लावतोच, त्याची गंमतच ती आहे. दोन मजली भिंतीला दर दिवाळी कोण लावणार? मग लोक त्यात सरस घालतात, डिंक घालतात, सुतारकामाचा पांढरा गम घालतात. तो पावसात फुगतो, मऊ पडतो आणि उन्हाळ्यात पोपडे. आमच्या ओळखीतल्या एकांनी तर रेड ऑक्साईडमध्ये अळशीचं तेल घालून भिंत घोटली, आठ दिवस काय झळकत होती, आणि वैशाखातली धूळ उडाली तशी सगळी त्या तेलावर बसली. आता ती भिंत चॉकलेटी दिसते आणि ते सांगतात की मुद्दाम चॉकलेटी केली.

घरगुतीच काहीतरी करायचं असेल तर पातळ कालवलेल्या चुन्यात गेरू हा एकच मार्ग मला पटतो. चुना हवेतला कार्बन डायऑक्साईड घेऊन परत दगड होतो, भिंतीची वाफ अडवत नाही, फिका पडला तरी शोभून फिका पडतो. पण तो फेटा बांधल्यासारखा झाकतो, विटेचा स्वतःचा चेहरा त्यात राहत नाही.

पेंट मारला तर बिघडतं काय? सगळे मारतात की.

मारतात. विटेच्या रंगाचा पेंट आणि त्यावर ब्रशने पांढऱ्या रेघा ओढलेली घरं अलकापुरीपासून वाडीपर्यंत दिसतील. दोन वर्षं झक्कास दिसतात.

वीट पाणी पिते. भारतीय मानक आयएस १०७७ नुसार साध्या विटेने चोवीस तास बुडवल्यावर स्वतःच्या वजनाच्या २० टक्क्यांपर्यंत पाणी प्यायलेलं चालतं. म्हणजे तीन किलोची वीट सहाशे मिली, अर्धा लिटरपेक्षा जास्त! हे पाणी पावसातून येतं, पायातून चढतं, बाथरूमच्या लिकेजमधून येतं, आणि त्याला बाहेर जायला एकच वाट असते, विटेचा बाहेरचा चेहरा. तिथे तुम्ही प्लास्टिकसारखा पापुद्रा ओढलात की पाणी मागे अडतं, त्यातला खार पापुद्र्याच्या मागे जमतो, त्याचे स्फटिक वाढतात आणि विटेचा दर्शनी भागच ढकलून पाडतात. पेंट पडला तर परत मारता येतो हो, विटेचं तोंड पडलं तर काय करणार?

आणि हे मी पुस्तकातलं सांगत नाहीये. स्टेन करायच्या बऱ्याच आधी एका कॉन्ट्रॅक्टरने आमच्या पश्चिमेच्या भिंतीला चमकणारा क्लिअर कोट मारून दिला होता, "वॉटरप्रूफ पण होईल काकी, शाइन पण मारशे". शाइन मारली. तिसऱ्या पावसाळ्यानंतर खालच्या चार थरांतल्या विटांचे पातळ पातळ चकले सुटायला लागले, झाडताना सुपलीभर लाल भुगा निघायचा. त्याला फोन केला तर म्हणाला वीटच खराब. ती वीट त्याच्या जन्माआधीपासून उभी होती!

आमची वीट स्टेन घेईल की नाही कसं कळणार?

भिंतीवर पाणी शिंपडा. वीट गडद झाली आणि पाणी पिऊन टाकलं तर घेईल. पाणी अळूच्या पानावरच्यासारखं मोती होऊन घरंगळलं तर कोणीतरी आधी काहीतरी मारून ठेवलंय, ते निघाल्याशिवाय स्टेन करू नका. एकाच जागी बघून थांबू नका, चारी बाजूंना, वर खाली, आणि वळचणीखाली तर नक्की, कारण तिथे जुना कोट ऊन-पाऊस न लागल्याने टिकून राहतो. खंगर विटा, म्हणजे भट्टीत जास्त भाजून काळ्या काचेसारख्या झालेल्या, त्या कमी पितात, त्यांच्यावर रंग फिका धरतो. त्या तशाच सोडा, भिंतीत त्या तिळासारख्या चांगल्या दिसतात.

भिंतीवर पांढरं पीठ येतंय. त्यावर स्टेन केला की झाकलं जाईल ना?

नाही नाही नाही. तो लोणा. आपले कडिया, म्हणजे गवंडी, लूणो म्हणतात, एकच.

विटेत, सिमेंटमध्ये, वाळूत, बांधकामाच्या पाण्यात विरघळणारे क्षार असतात. भिंत ओली झाली की ते पाण्यात उतरतात, पाणी बाहेर येऊन उडतं, क्षार तिथेच पांढरे होऊन बसतात. म्हणजे लोणा हा रोग नसून ताप आहे, आत कुठेतरी पाणी आहे एवढं तो सांगतो. झाकलात तर तो रंगाला घेऊन बाहेर येईल.

आमच्याकडे तीन ठिकाणी होता आणि तिन्हीची कारणं वेगळी निघाली. गच्चीच्या पन्हळीचा पाइप सांध्यात फुटलेला, तिथे वरून खाली पट्टा. एसीच्या बाहेरच्या युनिटचं पाणी दहा वर्षं एकाच विटेवर ठिबकत होतं, तिथे नकाशासारखा गोल. आणि तिसरा मला कळायलाच वेळ लागला, नवीन खोलीच्या भिंतीवर सगळीकडे सारखाच पांढुरका थर, ना पाइप ना बाथरूम. मग लक्षात आलं की त्या बांधकामाला माल कालवायला आणि वर पाणी मारायला आपण बोअरचं पाणी दिलं होतं. आमच्या बोअरचं पाणी इतकं जड आहे की बादलीला आतून पांढरी कड बसते, तेच भिंतीला महिनाभर पाजलं!

काढायचा कसा, तर कोरडा. कोरड्या हवेच्या दिवसात कडक ब्रशने झाडा, खाली पडलेलं गोळा करून फेकून द्या. पाण्याने धुतलात तर क्षार विरघळून परत आत जातात आणि आठ दिवसांनी हजर. आधी पाण्याचा रस्ता बंद करा, मग झाडा, मग वाट बघा, परत झाडा. नवीन बांधकामाचा लोणा एक दोन सिझनमध्ये आपोआप कमी होत जातो. आम्ही नवीन खोलीला एक पूर्ण पावसाळा दाखवला आणि मगच स्टेन केला, घरात सगळे माझ्यावर वैतागले होते.

जमिनीपासून दोन अडीच फुटांपर्यंतच ओल असेल तर पायातून चढतेय, डीपीसी, म्हणजे ओल वर चढू नये म्हणून भिंतीच्या बुडाशी घालतात तो थर, नाहीये किंवा बाहेरची फरशी, माती डीपीसीच्या वर आलीये. बागेची माती वाढत वाढत भिंतीला टेकते, आपलं लक्षच नसतं. ती आधी खाली उतरवा, फुकटचं काम आहे.

दिवाळीच्या आधी होईल का?

कडिया म्हणेल "थई जशे", होऊन जाईल. होणार नाही.

आपल्याकडे पाऊस सप्टेंबर संपेपर्यंत असतो, कधी नवरात्रातही गरब्याच्या मैदानात चिखल करून जातो, आणि भिंत पिऊन बसलेली असते. पाऊस थांबल्यावर निदान तीन चार आठवडे तिला वाळू द्या. वरून कोरडी दिसली तरी आत ओली असते, शंका असली तर हातभर प्लास्टिकचा कागद चारी बाजूंनी चिकटपट्टीने भिंतीला लावून रात्रभर ठेवा, सकाळी आतून घाम आला असेल तर थांबा. दिवाळीत तसेही पेंटर मिळत नाहीत आणि मिळाले तर घाईत असतात. दिवाळी होऊ द्या, नोव्हेंबरच्या मध्यापासून फेब्रुवारी संपेपर्यंत बडोद्यात याच्यासाठी सोन्यासारखी हवा असते. सकाळचं दव उडाल्यावर, साधारण दहानंतर सुरू करायचं.

फक्त उत्तरायणाचे, म्हणजे संक्रांतीचे, दोन दिवस सोडा. एक तर कोणी येत नाही, आणि शेजारच्या चार गच्च्यांवरून पतंग ओल्या भिंतीवर येऊन बसतात.

एप्रिल मे मध्ये करायचाच असेल तर सूर्याच्या मागे मागे जा, जी भिंत सावलीत असेल ती. तापलेल्या भिंतीवर स्टेन आत शिरायच्या आधीच वरच्या वर वाळतो आणि ब्रशचे पट्टे दिसतात.

भिंत धुवायची कशाने? कडिया अॅसिड म्हणतोय.

साधं पाणी, नायलॉनचा ब्रश, फार तर थोडं साबणाचं पाणी आणि मग भरपूर स्वच्छ पाणी. ऐंशी टक्के घरांचं यात भागतं असं माझं मत, कारण जी काळी वीट आपण बघतो ती बऱ्याचदा नुसती धूळ, धूर आणि कबुतरं असतात. उत्तरेच्या भिंतीवर शेवाळ असेल तर पातळ केलेलं ब्लीच, दहा पंधरा मिनिटं ठेवून धुऊन टाकायचं. तारेचा ब्रश नको, तारेचे कण विटेत अडकतात आणि गंजाचे ठिपके देतात. प्रेशरचा पंप लांबून आणि मंद, आणि सँडब्लास्टिंग, म्हणजे वाळूचा मारा, तर कोणी फुकट करून दिलं तरी नको, विटेची भट्टीत पक्की झालेली कातडीच त्याने सोलून निघते.

अॅसिडचं काम एकच, विटेवर वाळलेले सिमेंटचे डाग. तेव्हा भिंत आधी पाण्याने ओलीचिंब करायची, अॅसिड अगदी पातळ, नेहमी पाण्यात अॅसिड ओतायचं, अॅसिडमध्ये पाणी कधीच ओतायचं नाही, हातमोजे, चष्मा, आणि नंतर पाणी पाणी पाणी. अॅसिड आणि ब्लीच एकाच दिवशी एकाच भिंतीवर आणू नका, दोन्ही मिळून क्लोरीन वायू होतो, तो जीव घेतो.

आणि कुठे हिरवट पिवळट डाग दिसला तर शेवाळ समजून अॅसिड मारू नका. काही मातीत व्हॅनेडियम नावाचा धातू असतो, त्याचे क्षार हिरवे येतात आणि अॅसिड लागलं की तपकिरी काळे होऊन पक्के बसतात. घासून बघा, शेवाळ बुळबुळीत निघतं, हा निघत नाही.

धुतल्यावर परत वाळवायची, निदान आठवडा. मग बघा स्टेनची गरज तरी वाटतेय का! आमच्या समोरच्यांनी भिंत धुतली आणि तिथेच थांबले, छान दिसते, मला थोडी जळजळच झाली.

रंग कसा निवडायचा?

शेडकार्डवरून निवडू नका. कार्ड कागद आहे, तुमची वीट कागद नाही.

मागच्या बाजूला, पण उन्हात पडणाऱ्या जागी, दहा बारा विटांवर दोन तीन शेड लावा आणि तीन दिवस सोडा. ओला असताना सगळाच रंग गडद आणि देखणा दिसतो, वाळल्यावर खरं कळतं. सकाळी बघा, दुपारी बघा, फाटकाच्या बाहेर वीस फुटांवर उभं राहून बघा. मी पहिला निवडलेला रंग दुपारच्या उन्हात टोमॅटो सॉससारखा दिसला.

स्टेनने गडद करणं सोपं, फिकं करणं जवळजवळ नाहीच. म्हणून पहिला हात हवा त्यापेक्षा फिका. कमी पडला तर दुसरा हात आहे, जास्त झाला तर काही नाही.

नवीन खोली जुन्या भिंतीसारखी दिसेल का?

दिसेल, आणि खरं म्हणजे स्टेनचा सगळ्यात चांगला उपयोग हाच आहे, पूर्ण घर करण्यापेक्षाही. पण एक रंग घेऊन सगळ्या नवीन विटांना लावलात तर ती खोली बाहुलीच्या घरासारखी दिसेल. जुन्या भिंतीत एक रंग नसतोच. भट्टीत जी वीट आगीजवळ ती काळसर, लांब ती फिकी, ज्या मातीत चुनखडी जास्त ती पिवळटकडे झुकते. आम्ही जुन्या भिंतीच्या एका चौकोनात पन्नास विटा मोजल्या, मी आणि सून, वही घेऊन, साधारण तीस मध्यम लाल, बारा गडद, आठ फिक्या. त्याच हिशोबाने तीन डबे बनवले. मग सुनेने खडूने नवीन भिंतीवर वेड्यावाकड्या खुणा केल्या, कारण पेंटरला "कसेही लाव" सांगितलं की तो एक गडद एक फिकी असं बुद्धिबळ करतो, माणसाच्या हाताला विस्कळीत जमतच नाही.

काही विटा अजिबात न रंगवता सोडा.

लावतात कसा? रोलर मारला तर चालेल?

रोलर, स्प्रे दोन्ही चालतं जर दरजांचा, म्हणजे विटांमधल्या सांध्यांचा, रंगही विटेसारखा झाला तरी तुम्हाला चालणार असेल. पण मग लांबून भिंत विटांची न वाटता लाल प्लास्टरची वाटते. दरजा जशाच्या तशा ठेवायच्या असतील तर एकेक वीट, अडीच तीन इंची ब्रशने, डावीकडून उजवीकडे, ब्रश नीट निथळून. दरजेवर गेला तर ओल्या स्पंजने तिथल्या तिथे पुसायचा, पाच मिनिटांनी पुसू म्हटलं की संपलं.

जुन्या नऊ इंची विटेच्या भिंतीत चौरस फुटाला सव्वाचार ते पाच विटा बसतात. म्हणजे तीस फूट लांब, दहा फूट उंच एवढी एकच भिंत घेतली तर साधारण चौदाशे विटा, आणि दोन हात म्हणजे अठ्ठावीसशे वेळा ब्रश. म्हणून यात मालापेक्षा मजुरी आणि परांची जास्त खाते. भाव विचारताना चौरस फुटाचा भाव एकेक विटेचा आहे की रोलरचा हे आधी बोलून घ्या, आमच्याकडे आलेल्या तीन जणांपैकी दोघांनी रोलर धरून भाव दिला होता.

सगळा माल लागणार तो एकदम आणून एका पिंपात मिसळून घ्या, डब्याडब्यात फरक पडतो. अर्धी भिंत करून जेवायला जाऊ नका, कोपरा किंवा पाइप येईपर्यंत करायची आणि तिथे थांबायचं.

हे मात्र विसरू नका: खिडक्यांच्या काचा झाका! सिलिकेटचा थेंब काचेवर वाळला की काच कोरतो, मग ती पांढरी धूसर खूण घासून जात नाही. अॅल्युमिनियमच्या सेक्शनलाही तेच. आमच्या जिन्याच्या काचेवर एक ओघळ अजून आहे, सकाळचं ऊन आलं की नावासकट दिसतो, म्हणजे मला तो पाडणाऱ्या मुलाचं नाव आठवतं. डोळ्यांना चष्मा पाहिजेच, हे द्रावण चुन्यासारखंच आग करतं.

आधीच ऑइलपेंट मारलेला आहे, त्यावर?

बसणार नाही. पेंट पूर्ण काढावा लागेल, रिमूव्हर लावून, आणि विटेच्या भोकांतून तो शंभर टक्के निघत नाही. जुना असेल तर कोरडा घासू नका, आपल्याकडे घरगुती रंगात शिसं ९० पीपीएमपर्यंतच, म्हणजे दहा लाख भागांत ९०, असावं हा नियम नोव्हेंबर २०१७ पासून आला, त्याआधीच्या रंगात किती असेल सांगता येत नाही आणि घरात पोरं असतात. ओलं करून खरवडा, कचरा गोळा करा. मनापासून सांगू? तुमच्याकडे पेंट चांगला धरून असेल तर राहू द्या, पोपडे निघत असतील तेव्हा विचार करा.

फ्लाय अॅशच्या विटा, टाइल, ब्लॉक?

फ्लाय अॅशची, म्हणजे कोळशाच्या राखेची, वीट सिलिकेट स्टेन छान घेते, राखाडीची लाल मात्र एका हातात होत नाही. विटेसारख्या दिसणाऱ्या चकचकीत टाइलवर काहीच धरत नाही. एएसी, म्हणजे ते हलके सच्छिद्र सिमेंटचे ब्लॉक, बाहेरून उघडे ठेवायचेच नसतात, त्यांना प्लास्टर करा.

आमचा दांडिया बाजारातला जुना वाडा आहे, शंभर वर्षांचा. त्याला?

त्याला हात लावायच्या आधी दरजा बघा. जुन्या वाड्याच्या विटा मऊ असतात आणि दरजा चुन्याच्या. चुना विटेपेक्षा मऊ म्हणून ओल दरजेतून बाहेर पडते, झिजायचं ते दरजेने झिजायचं आणि विटेने टिकायचं असा तो संसार आहे. मग कोणीतरी येऊन दरजा सिमेंटने भरून देतो. आता दरज कडक, वीट मऊ, ओल सगळी विटेतून जाते, आणि वीट आत आत खंगत जाते, दरजा मात्र मधाच्या पोळ्यासारख्या उभ्या राहतात. रावपुऱ्यात, बाबाजीपुऱ्यात अशा भिंती बघितल्या की मला कसंतरी होतं. अशा भिंतीला पहिला खर्च चुन्याच्या दरजा भरण्याचा, सिमेंट खरवडून काढून, तेही हातोडी छिन्नीने, ग्राइंडरने नाही कारण ग्राइंडर विटेच्या कडा खातो. स्टेनचं मग बघू. वाड्याला काळवंडलेपण शोभतं असं मला वाटतं, पण ते तुमचं तुम्ही ठरवा.

पुराचं पाणी लागलेली भिंत आहे.

बडोद्यात हा प्रश्न येणारच. ३१ जुलै २०१९ ला एका दिवसात जवळजवळ वीस इंच पाऊस झाला, २०२४ च्या ऑगस्टमध्ये विश्वामित्री नदी २६ फुटांची धोक्याची रेघ ओलांडून कितीतरी वर गेली, लोकांच्या कंपाऊंडमध्ये मगरी, आणि पाणी उतरल्यावर प्रत्येक भिंतीवर चिखलाची एक सरळ आडवी रेघ. ती रेघ झाकायची घाई करू नका. गाळ लगेच, ओला असतानाच साध्या पाण्याने धुऊन घ्या, नंतर वाळला की तो दगड होतो. मग वाट बघायची. गळ्यापर्यंत पाण्यात उभी राहिलेली नऊ इंची भिंत महिन्याभरात वाळत नाही, तो हिवाळा आणि पुढचा उन्हाळा जाऊ द्या, मध्ये येणारा लोणा झाडत राहा, पुढच्या हिवाळ्यात स्टेन करा. आणि आतल्या बाजूला पुट्टी मारून लगेच बंद करू नका, भिंतीला निदान एक तोंड उघडं ठेवा.

झाल्यावर वरून सीलर मारू का?

चमकणारा कुठलाच नाही, का ते वर लिहिलंय. पावसाचा मारा थेट येणाऱ्या भिंतीला सिलेन सिलोक्सेनवालं पाणी झटकणारं द्रावण मिळतं, ते दिसत नाही आणि वाफ अडवत नाही. पण ते नेहमी स्टेननंतर, स्टेन पूर्ण पक्का झाल्यावर, आणि स्टेनच्या डब्यावर तसं चालतं असं लिहिलेलं असेल तरच. आधी मारलंत तर स्टेन आत जाणारच नाही, अळूचं पान आठवा. आमच्या पावसाचा मारा झेलणाऱ्या एकाच भिंतीला मारलंय, बाकी तीन तशाच.

आवडला नाही तर काढता येतो?

नाही. मेंदीसुद्धा जाते, हा नाही. म्हणून तर दहा विटांचा नमुना आणि तीन दिवस.

सोसायटीत आहोत, परवानगी लागते?

बाहेरची भिंत सगळ्यांची असते, लेखी घ्या. तोंडी हो म्हणणारे काका स्टेन झाल्यावर "हा कुठला कलर" म्हणून पहिले येतात.

ब्रश नंतर कसे साफ करायचे?

लगेच, साध्या पाण्याने, जेवायच्या आधी. सिलिकेट वाळला की ब्रश गेला, कुठल्याच थिनरने निघत नाही. आमचा एक तसाच राहिला होता रात्रभर, इतका टणक झालाय की मागचं दार वाऱ्याने आपटू नये म्हणून खाली तोच लावते.